विठ्ठल सुताराचं हंगेरियन मरण

विठ्ठल सुताराचा बेत असा पक्का होता की यमालाही तो मोडता आला नसता. आखातातल्या कंपनीने त्याचा करार दोन वर्षांनी वाढवला होता, सहीसुद्धा झाली होती, आणि यंदाही गणपतीला येत नाही हे मालनला सांगायचं होतं. आधी तिला टीव्हीवर नवरा दाखवायचा, ती खुलली की हळूच सांगून टाकायचं!

आता नवरा टीव्हीवर आला कसा, तेही ऐका. हंगेरीची मंडळी तो राहायचा तिथे, फहाहीलला, शूटिंगला आली होती. तिकडच्या कुठल्याशा कादंबरीवर टीव्हीचा सिनेमा. एका माणसाला स्वप्नं पडतात आणि आपण जागे झालो की नाही तेच त्याला कळत नाही, एवढीच काय ती गोष्ट. स्वप्नातलं मढं होणारा माणूस आलाच नाही, म्हणून सेट ठोकणाऱ्या विठ्ठलला आडवा केला. हा पडला कामाचा चोख. त्याने आपल्या अकलेने नाकात कापूस घालून घेतला, बकाल्यातून, म्हणजे तिथल्या वाण्याकडून, तुळशीसारख्या रेहानची जुडी मागवली आणि तुळस म्हणून एक पान ओठांवर ठेवलं. साहेब खूश. विठ्ठल तर दमून खरोखरच झोपला.

सिनेमा आला तो शुक्रवारी, तिकडच्या सुट्टीच्या दिवशी. खोलीतल्या रूपेशने गावी लिंक पाठवली. "टीव्हीवर दिसणार आहे," एवढंच विठ्ठलने मालनला कळवलं होतं. बाकीची गंमत राखून ठेवली होती. ओटीवर अख्खी वाडी जमली. तासभर कोणाला काही कळलं नाही, म्हातारी माणसं पेंगायला लागली. आणि एकदम समोर विठ्ठल! नाकात कापूस, ओठांवर पान.

ओटीवर आकांत झाला. वाडीतला एक जण मागच्याच वर्षी तिकडच्याच रिग्गईहून मढं होऊन पेटीतून आला होता. तशी पेटी आपल्याही दारात येणार, हे भय मालनने किती वर्षं पोटात ठेवलं होतं! ते सगळं बाहेर पडलं.

इकडे विठ्ठलने मोठ्या ऐटीत फोन लावला. शेजारच्या चारुशीलाकाकूंनी तो उचलला, मेलेल्याचा आवाज ऐकला आणि फोन टाकून पळाल्या.

बऱ्याच वेळाने मालन फोनवर आली. सिनेमा होता हे तिला समजलं होतं, तरी रडणं थांबत नव्हतं. तिची समजूत घालायला विठ्ठल म्हणाला, "अगं, स्वप्नात मेलेला दिसला की आयुष्य वाढतं म्हणतात. आणि ते स्वप्नच होतं."

मालनने नाक पुसलं.

"वाढलं ना? मग वाढलेलं तरी इथे येऊन जगा. तिकडचं मरण बघून झालं माझं."

विठ्ठल "बरं" म्हणाला, आणि कराराचं सांगणं त्याने पुढच्या शुक्रवारवर ढकललं.