पासवर्डवरची काळी पट्टी

"...त्यांच्या कानावर गेलं तर लग्नाचं वाटोळंच होईल गं! सगळं त्या वेबसाइटवर टाकलंय, म्हणून तर पासवर्ड..."

एवढं ऐकू आलं आणि दार बंद झालं.

मी जिन्यात उभा होतो. (चपलेचा पट्टा नीट करत होतो. तो बराच वेळ नीट होत नव्हता.) आवाज वरच्या मजल्यावरच्या ताईंचा होता, आणि फोनवर पलीकडे त्यांची लेक चिमणी असणार. ती दुसऱ्या गावी नोकरीला असते आणि नुकतंच तिचं लग्न ठरलंय. आता अर्धी बातमी घेऊन घरी येणं म्हणजे अडकलेली शिंक घेऊन फिरणं. जेवताना मी बायकोला सांगितलं, "मुलाकडच्यांपासून काहीतरी लपवलंय."

"काय?"

"ते दाराच्या आत राहिलं."

"मग तिथंच राहू द्या," ती म्हणाली.

पण विषय आपणहून आमच्या घरी चालत आला. दुसऱ्याच दिवशी ताई पाकिटांचा गठ्ठा घेऊन दारात हजर. ताई एकट्या. इस्पितळाच्या धुलाईघरात चादरींना इस्त्री करून त्यांनी मुलगी शिकवली. त्या आठवड्यात वाफेने त्यांचा तळहात भाजला होता, त्यावर पट्टी होती.

"भाऊ, एवढी पाकिटं चिकटवून पोस्टात टाकाल? तुमच्या हातचंच काम आहे."

"आत काय आहे?"

"सेव्ह द डेटची कार्डं. पत्रिका नंतर, ही नुसती तारीख राखून ठेवा म्हणून सांगायला. आत बघण्यासारखं काही नाही हं."

"आणि आमचं कार्ड?"

"घरच्यांना कुठे कार्ड देतात का?"

झालं. माझी छाती अशी फुगली की शर्टाचं बटण कुरकुरलं. (भाषणाची जुळवाजुळवसुद्धा मनात तेव्हाच सुरू झाली. आमच्या वॉचमनच्या निरोपाला मी दोन शब्द बोललो होतो. ते संपेपर्यंत नवा वॉचमन रुजू झाला होता.)

रविवारी दुपारी गोंदाची बाटली घेऊन बसलो. पहिल्याच पाकिटाची झडप आपोआप उघडली. (बोटाने थोडी मदत केली.) आत छान जाड कार्ड. दोघांची नावं, तारीख, त्याखाली ‘ठिकाण, वेळ आणि आपले उत्तर वेबसाइटवर’, मग वेबसाइटचा पत्ता. आणि सगळ्यात खाली ठसठशीत अक्षरांत: ‘पासवर्ड: चिमणी’.

मी ताडकन उठलो. गोंद सतरंजीवर.

"अगं, छापखान्याने घात केला! पासवर्डच छापून टाकलाय!"

"मग?"

"मग काय मग? बँक रोज मेसेज करते, पासवर्ड कुणालाही सांगू नका, आमच्या माणसालासुद्धा नाही. आणि हे कार्डावर छापून वाटायला निघालेत! त्याच्या आतच ती भानगड आहे ना!"

"आधी ताईंना विचारा."

"विचारलं तर त्यांना कळेल, मी पाकीट उघडलं."

"ते कळणं एवढं वाईट आहे, तर उघडलंत कशाला?"

मी मार्करचं टोपण काढलं.

इथे माझ्या नोकरीबद्दल सांगायला हवं. मी मालवाहतुकीच्या गोदामात पाठवणीच्या टेबलावर आहे. आमच्याकडे जुनी खोकी पुन्हा वापरतात, आणि त्यांवरचा जुना पत्ता जाड काळ्या मार्करने असा खोडायचा असतो की अक्षराचं शेपूटही दिसता कामा नये. या कामात माझा हात धरणारं कुणी नाही. त्या दुपारी मी सगळी पाकिटं उघडली आणि प्रत्येक कार्डावरच्या पासवर्डवर सुरेख, सरळ, काळी कुळकुळीत पट्टी ओढली. मग पाकिटं चिकटवली, पोस्टात टाकली, आणि एका घराची अब्रू वाचवल्याच्या समाधानात गाढ झोपलो.

पुढच्या आठवड्यात कोपऱ्यावरच्या घड्याळवाल्याने मला हाक मारली. डोळ्याला लावलेलं भिंग काढत हळूच म्हणाला, "भाऊ, ताईंना माझा राग आलाय का हो?"

"का बुवा?"

"कार्ड आलं. साइट उघडली तर पासवर्ड मागते, आणि नेमका तोच शब्द कार्डावर खोडलेला! म्हणजे दार दाखवायचं आणि किल्ली काढून घ्यायची. त्या पोरीच्या हातात पहिलं घड्याळ मी बांधलं होतं. बोलवायचं नव्हतं तर कार्ड नसतं पाठवलं तरी चाललं असतं. आणि खोडलंय तरी किती मन लावून!"

(कामाची अशी तारीफ गोदामात आजवर कुणी केली नाही.)

बेकरीवाल्या काकूंचंही तेच. नंतर कळलं, सगळ्यांचंच तेच. प्रत्येकाला वाटलं, फक्त आपल्याच कार्डावर पट्टी आहे. मग अपमान गिळून सगळे गप्प बसले. आणि मीही बसलो. ताईंच्या पावलांची चाहूल लागली की मी नळ सोडून बाथरूममध्ये उभा राहायचो.

शेवटी एका संध्याकाळी त्या जिन्यातच भेटल्या. पायरीवर बसल्या होत्या, भाजलेला हात मांडीवर ठेवून.

"भाऊ, उद्या हॉलवाल्याला माणसांचा आकडा सांगायचाय. मुलाकडची कार्डं त्यांनीच पाठवली, त्यांचे सगळे ‘येतो’ म्हणालेत. माझ्या बाजूचं एकही उत्तर नाही. इतकी वर्षं ज्यांच्या अडीअडचणीला धावले, त्यांतलं कुणी नाही. चिमणीला म्हटलं, आपलं एकच टेबल सांग. तू, मी आणि खालचे भाऊ-वहिनी."

त्या टेबलावर माझी खुर्ची आहे हे ऐकलं, आणि मला तिथं उभं राहवेना. गोदामातलं एखादं खोकं मिळतं तर आत शिरून वरून चिकटपट्टी मारून घेतली असती.

"ताई, माणसं नाही फिरली," मी म्हणालो. "मी फिरवली." आणि चपलेकडे बघत सगळं सांगितलं.

"तुम्ही पाकीट उघडलंत?"

"एकच."

"एकच?"

"आधी एकच."

ताईंच्या पाठीमागचं, त्यांच्या घराचं दार उघडलं. चिमणी हॉलच्या कामासाठी त्याच दिवशी घरी आली होती. कपाळावर हात मारून ती म्हणाली, "आई! म्हटलं नव्हतं मी, त्यांच्याकडेच कशाला देतेस?"

ताई माझ्याकडे न बघताच म्हणाल्या, "मला वाटलं, भाऊ कान लावतील, पण पाकीट नाही उघडणार."

त्या ओरडल्या असत्या तर फार बरं झालं असतं.

मी तसाच खाली उतरलो आणि घरोघर फिरलो. लांबच्यांना फोन केले. प्रत्येक दारात एकच वाक्य: "पासवर्ड ‘चिमणी’ आहे आणि खोडणारा मी आहे." घड्याळवाल्याने ते मला गिऱ्हाइकांसमोर दोनदा म्हणायला लावलं. बेकरीवाल्या काकूंनी तर आतून सासूला बोलावलं, "या, या, हेच ते!"

परत आलो तेव्हा ताई चिमणीच्या फोनवर वाकल्या होत्या. उत्तरं येत होती. येतो. येतो. सहकुटुंब येतो. ताई पट्टीच्या हातानेच डोळे पुसत होत्या.

आता इथे गप्प बसायला हवं होतं. पण स्वभाव!

"चिमणे, एवढं झालंच आहे तर सांग. मुलाकडच्यांच्या कानावर काय जायला नको होतं?"

मायलेकींनी एकमेकींकडे पाहिलं. मग चिमणीने फोन माझ्यापुढे धरला. वेबसाइटवर एक चौकट होती: ‘समारंभात दोन शब्द बोलायचे असल्यास येथे नाव लिहा.’

"मुलाकडच्यांच्या नाही, काका. तुमच्या."

"म्हणून मला कार्ड नाही?"

"म्हणून."

त्याच चौकटीत घड्याळवाल्याने नुकतंच लिहिलं होतं: ‘मी बोलणार नाही. भाऊ बोलणार असल्यास जेवण आधी ठेवावे.’

माझं तोंड बघून ताईंना हसू फुटलं. त्या आठवड्यातलं पहिलंच असावं. "बोलू दे गं त्यांना," त्या म्हणाल्या. "दोन मिनिटं."

मी घरी येऊन एका बैठकीत चार पानं लिहून काढली. बायकोने ती शांतपणे वाचली आणि हात पुढे केला.

"मार्कर द्या."

पट्टी सरळ कशी ओढायची हे तिला मीच शिकवलं होतं. चार पानांत शेवटी एवढंच उरलं: ‘नमस्कार. चिमणे, सुखात राहा. चला, जेवायला चला.’

तेव्हा जिन्यातली ती बातमी अर्धी खरी निघाली म्हणायची. वाटोळं झालंच, फक्त लग्नाऐवजी माझ्या भाषणाचं.