वाचनालयाच्या टेबलावर इजिप्तची मेजवानी

माणसाचं मन वळवायचं असेल तर त्याला भाषण देऊ नये, जेवायला घालावं! हे माझं ठाम मत आहे आणि या एका मताच्या जोरावर मी अकरा पुस्तकांचे प्राण वाचवले. कसे वाचवले ते मात्र विचारू नका. बरं, विचारा. सांगितल्याशिवाय मलाही चैन पडायचं नाही.

मी वाचनालयात देवघेवीच्या खिडकीवर बसतो. पुस्तक गेलं की तारखेचा शिक्का, पुस्तक आलं की तारखेचा शिक्का. चौदा वर्षं हाच उद्योग. त्यामुळे सगळे मला ‘शिक्के’ म्हणतात. बायको घरी काय म्हणते ते इथे छापण्यासारखं नाही.

आमच्या ग्रंथपाल म्हणजे ताई. बत्तीस वर्षं नोकरी झालेली, महिनाअखेरीला निवृत्त होणार. आवाज कधी चढवणार नाहीत, पण चष्म्यावरून नुसतं पाहिलं तरी चाळीस रुपये दंड थकवणारा माणूस खिसा उलटा करून दाखवतो. या ताईंनी उभ्या नोकरीत एकच हौस केली. खिडकीजवळच्या कपाटात त्यांनी प्राचीन इजिप्तच्या लोकांवरची अकरा पुस्तकं जमवली. राजांच्या लढायांची नव्हेत हं! ते लोक काय खायचे, काय प्यायचे, मेजवान्या कशा झोडायचे, पाव कसा भाजायचे, बदकं कशी पाळायचे, त्याची पुस्तकं. एकेक पुस्तक खरेदीच्या बैठकीत भांडून मिळवलेलं.

आणि काय माणसं हो ती! पिरॅमिड बांधणाऱ्या गड्यांना मजुरी म्हणून पाव आणि बिअर मिळायची. पुढच्या काळात राजांची थडगी खोदणाऱ्या गड्यांपैकी कामावर कोण का आलं नाही याची हजेरी खापरांवर लिहून ठेवायचे आणि त्यात ‘बिअर गाळायची होती’ हेसुद्धा रजेचं रीतसर कारण! एका फोटोखाली मी हे वाचलं तेव्हा उठून उभा राहिलो. असा अर्ज मी आमच्याकडे टाकला असता तर ताईंनी मलाच गाळला असता.

तर या कपाटावर संकट आलं. आमच्या समितीचे अध्यक्ष पेशाने दंतवैद्य. त्यांना त्या जागी ‘आरोग्य कोपरा’ हवा होता. त्यांनी नियम शोधून काढला की दहा वर्षांत जे पुस्तक एकाही वाचकाने नेलं नाही ते बाद. मागची चिकटवलेली पट्टी पाहायची, तारीख नसली की पुस्तक रद्दीत! ताईंच्या अकराही पुस्तकांच्या पट्ट्या कोऱ्या करकरीत होत्या. शनिवारी समितीची बैठक, सोमवारी सकाळी रद्दीवाला.

“ताई, त्यात काय आहे!” मी म्हणालो. “अकरा शिक्के मला दोन मिनिटांचं काम. आत्ता मारतो.”

“वाचणार आहेस का तू ती?”

“म्हणजे... तसं...”

“मग शिक्का कसला मारतोस? न वाचता मारलेला शिक्का म्हणजे खोटी साक्ष. मला नको.”

आणि त्यांनी रुमाल काढून त्या पुस्तकांवरची धूळ पुसायला घेतली. एकेक पुस्तक काढायचं, पुसायचं, परत ठेवायचं. मला फार वाईट वाटलं हो! या बाईने बत्तीस वर्षांत स्वतःसाठी एक पेनसुद्धा वरखर्चातून घेतलेलं नाही.

आता सरळ मार्ग काय होता? बसून अकरा पुस्तकं वाचायची आणि खरे अकरा शिक्के मारायचे. मी विचार केला, छे! त्यापेक्षा मेजवानी सोपी.

शनिवारी समितीला इजिप्शियन पद्धतीने जेवायला घालायचं, की मंडळी खूश आणि कपाट सलामत! ताईंना योजना सांगितली. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

“तू ही पुस्तकं बघितली आहेस ना नीट?”

“ताई, कोळून प्यालोय!”

“बरं,” त्या म्हणाल्या. “कर मग.”

घरी येऊन मी बायकोपुढे यादी ठेवली. मसुराचं सूप, खजूर, अंजीर, काकडी, कांदे, जवाचं पेय आणि खपली गव्हाचा पाव.

“आणि हे काय?” तिने यादीच्या शेवटी बोट ठेवलं. “वाळू?”

“पावात.”

“पावात वाळू?!”

“अगं, पुस्तकात लिहिलंय! त्यांच्या पावात वाळू असायची. फोटोखाली स्पष्ट छापलंय.”

“अहो, ती चुकून पडत असेल! दगडावर दळायचे, वाळवंटातला वारा...”

“तू इजिप्तला गेली होतीस का? मग! जसं आहे तसं करायचं. अस्सल म्हणजे अस्सल!”

माशांच्या टाकीतली बारीक वाळू मी स्वतः सात वेळा धुतली, उकळली, वाळवली. बायको म्हणाली, “लोक पिठातला खडा काढायला चाळण आणतात. माझ्या नशिबी खडा घालणारा आला.” पण पाव तिनेच भाजले, कारण मी भाजलेला पहिला पाव खाली पडला तेव्हा फरशीचा टवका उडाला होता. तिचे पाव त्या मानाने मऊ होते. म्हणजे फरशीला काही झालं नसतं.

माझी खरी करामत पुढेच होती. सगळ्यात जाड पुस्तकात मेजवानीचं एक रंगीत चित्र आहे. नटूनथटून बसलेले पाहुणे, हातात कमळं आणि प्रत्येकाच्या डोक्यावर एक उंच शंकू! खाली ओळ अशी: ‘मेजवानीत पाहुण्यांच्या डोक्यावर सुगंधी मेणाचे शंकू.’ मेण हळूहळू वितळायचं आणि केसांत अत्तर पसरायचं. काय थाट! आपण पाहुण्यांना पाणी विचारतो आणि स्वतःला आतिथ्यशील म्हणवून घेतो! मी मेण आणि लोणी वितळवलं, त्यात गुलाबाचं अत्तर ओतलं आणि कागदाच्या कोनात भरून सहा शंकू पाडले.

शनिवारी चार वाजता वाचनकक्षाच्या लांब टेबलावर मी चादर घातली. ‘येथे खाण्यास मनाई आहे’ ही पाटी भिंतीकडे तोंड करून ठेवली. पुस्तकंही टेबलावर मांडली. आमच्या टेबलावर वाचकांच्या सोयीसाठी दिवे अगदी खाली सोडलेले आहेत, पिवळे, शेड लावलेले. मंद उजेडात देखावा असा शोभत होता की मला स्वतःलाच पाहुणा व्हावंसं वाटलं.

समिती आली. अध्यक्ष पुढे, टकलावर दिवा चमकतोय. मग सचिवबाई, गणिताच्या निवृत्त शिक्षिका. त्यांच्या मागे तीन सभासद. या तिघांचं काम एकच. अध्यक्षांनी मान हलवली की आपली हलवायची. नऊ वर्षांत त्यांचा आवाज मी ऐकलेला नव्हता.

“हे डोक्यावर ठेवायचं?” अध्यक्षांनी विचारलं.

“मानाचं आहे, साहेब! तिकडे फक्त बड्या लोकांच्या डोक्यावर असायचं.”

‘बड्या’ म्हटल्यावर काय! अध्यक्षांनी शंकू टकलावर बसवला. सचिवबाईंचा अंबाड्यावर छान टेकला. तिघांनीही ठेवले. सहावा मी ताईंपुढे धरला.

“मला वाढायचंय,” त्या म्हणाल्या आणि सूप घेऊन गेल्या.

सूप झालं. जवाचं पेय झालं. अध्यक्ष घसा खाकरून म्हणाले, “विषय क्रमांक एक. इजिप्तचं कपाट बाद करणे. सगळ्यांची संमती आहे ना?”

आणि चमत्कार झाला! कुणाचीच मान हलेना! हलणार कशी? डोक्यावर शंकू! तिघेही ताठ, डोळे तेवढे इकडून तिकडे फिरतायत. अध्यक्षांनी पुन्हा विचारलं. शेवटी त्यांच्यापैकी एकाला नाइलाजाने तोंड उघडावं लागलं.

“मला वाटतं,” तो म्हणाला, “वास छान येतोय.”

“मला वाटतं, राहू दे की कपाट,” दुसरा म्हणाला.

“मला तर पहिल्यापासून तसंच वाटत होतं!” तिसरा म्हणाला आणि स्वतःच दचकला.

मी मनात नाचू लागलो. तेवढ्यात अध्यक्षांच्या कपाळावरून पहिला ओघळ निघाला. पुस्तकात लिहिलेलं ‘हळूहळू’ हे बिनदिव्याच्या खोलीतलं होतं. आमचे दिवे डोक्यापासून वीतभर अंतरावर! शंकू भराभर खचायला लागले. अध्यक्षांचं टक्कल म्हणजे तर घसरगुंडी. मेण आणि लोणी भुवया ओलांडून चष्म्यात शिरलं.

“शिक्के! मला काही दिसत नाहीये!”

“साहेब, अत्तर मुरतंय!” मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार?

मी फडका घेऊन धावलो. पुसायला गेलो तो मेण सगळीकडे सारखं पसरलं आणि अध्यक्ष नव्या बुटासारखे लकाकू लागले. तिघांपैकी एकाचा शंकू कानात, एकाचा कॉलरमध्ये. सचिवबाई तेवढ्या शांत होत्या. “यांचं आटपेपर्यंत मी पाव खाते,” असं म्हणून त्यांनी पावाचा लचका तोडला.

कर्रर्र!

सगळे थबकले. सचिवबाईंनी तोंडातून दोन बोटांनी काहीतरी काढून बशीत ठेवलं. टिंग असा आवाज झाला. ती त्यांच्या दाढेची कॅप होती. मागच्याच महिन्यात बसवलेली. बसवणारे डॉक्टर समोर लोण्यात माखून बसलेले!

“दगड चावलात तरी निघणार नाही म्हणाला होतात ना?” सचिवबाईंनी विचारलं. अगदी फळ्यापुढे उभ्या केलेल्या मुलाला विचारतात तसं.

“दगड म्हणालो होतो! ही वाळू आहे!” अध्यक्ष पाव बोटांनी चुरडत ओरडले. “कोणी घातली पावात वाळू?”

मी हळूच ताईंकडे पाहिलं. त्या काकडी चिरत होत्या.

“साहेब, पुस्तकातच आहे तसं...”

“कुठलं पुस्तक? दाखवा मला! आजच्या आज रद्दीत घालतो!”

मी पावावरचं पुस्तक उघडून फोटोचं पान पुढे केलं. आता संपलं, असं मला वाटलं. ताईंच्या बत्तीस वर्षांवर मी सात वेळा धुतलेली वाळू ओतली होती. पळून जावंसं वाटत होतं, पण फरशीवर लोणी होतं.

अध्यक्षांनी चष्मा शर्टाला पुसला. फोटो पाहिला. मग पुस्तक दिव्याखाली धरलं.

“अरे,” ते म्हणाले. आवाज एकदम उतरला. “ही दाढ बघा! सपाट झालीय पूर्ण. आतल्या नसेपर्यंत झिजलीय. साडेतीन हजार वर्षांपूर्वीची दाढ!”

“वाळूमुळे?” सचिवबाई खुर्ची सरकवून जवळ आल्या.

“वाळूमुळेच! राजा असो की गवंडी, सगळ्यांचे दात असेच. बिचारे किती सोसत असतील हो... आणि तरी मेजवान्या बघा यांच्या!” त्यांनी पान उलटलं. आणखी एक उलटलं. टकलावरून मेणाचा शेवटचा थेंब पुस्तकावर पडणार तेवढ्यात त्यांनी स्वतःच पुस्तक बाजूला घेतलं आणि थेंब शर्टावर झेलला. चौदा वर्षांत पुस्तकाला एवढं जपणारा वाचक मी पाहिला नव्हता.

“हे मी घरी नेतो,” ते म्हणाले. “आणि वैद्यकीवरचं काही आहे का?”

मग काय विचारता! सचिवबाईंनी धान्याची मोजमापं असलेली दोन पुस्तकं घेतली. कॅप परत नीट बसते की नाही ते दोन्ही पुस्तकं वाचून ठरवीन, असं म्हणाल्या. त्या दोन गोष्टींचा काय संबंध, हे विचारायची अध्यक्षांची छाती झाली नाही. तिघांनाही नव्याने मतं फुटलेली. त्यांनी आपसांत भांडून दोन-दोन उचलली. एका कार्डावर दोन, पाच कार्डांवर दहा. मी ठाप ठाप शिक्के मारत होतो आणि ताई माझ्या शेजारी उभ्या होत्या. त्यांचा चष्मा धुकट झाला होता. वाफेने असेल. सूप तर केव्हाच संपलं होतं.

मंडळी गेली. टेबलावर अकरावं पुस्तक उरलं. सगळ्यात जाड, मेजवानीवरचं. वजनामुळे कुणी नेलं नाही. पट्टी कोरी!

“मी नेतो ताई,” मी म्हणालो.

“वाचणार?”

“शपथ!”

“सोमवारी विचारीन हं मी.”

पुस्तक काय वाचलं म्हणता! रविवारी सकाळी बसलो तो जेवणाचं ताट गार झालं तरी उठलो नाही. गाणाऱ्यांच्या ओळी, कमळाचे हार, द्राक्षं तुडवणारे गडी. बायको दोनदा येऊन कपाळाला हात लावून गेली, ताप नाही ना म्हणून. चौदा वर्षं मी पुस्तकांच्या पाठीवर शिक्के मारत होतो आणि ती पोटात काय काय घेऊन बसली होती!

दुपारी ते शंकूंचं रंगीत चित्र आलं. मी खुशीत पान उलटलं.

सोमवारी रद्दीवाला रिकामी गोणी घेऊन परत गेला. मी ताईंसमोर जाऊन उभा राहिलो.

“ताई, चित्राच्या मागच्या पानावर लिहिलंय, की असे शंकू डोक्यावर कुणी खरोखर ठेवायचे की नाही याबद्दल अभ्यासकांत वाद आहे. काही म्हणतात, कुणीच ठेवत नसावं. सुगंध काही रंगवून दाखवता येत नाही, म्हणून चित्रकारांनी काढलेली ती नुसती खूण!”

“हो,” ताई म्हणाल्या.

“तुम्हाला माहीत होतं?”

“अरे, बत्तीस वर्षं वाचतेय मी ती पुस्तकं.”

“मग मला सांगितलं का नाही?”

ताईंनी चष्मा काढला. पुसला. परत लावला.

“मला वाटलं,” त्या म्हणाल्या, “निवृत्त होण्याआधी अध्यक्षांना एकदा त्या शंकूत नीट बघून घ्यावं.”