नानांचा रशियन आरोपी

आमच्या शेजारच्या नानांनी एका कचऱ्याच्या डब्यावर खटला भरला होता. पिवळ्या झाकणाचा रिसायकलिंगचा डबा. बॅकयार्डात कुंपणाला टेकवून त्याला उभा करायचे आणि वर काळा कोट, खाली पट्ट्यांचा पायजमा अशा थाटात विचारायचे, "नाव? बापाचं नाव? धंदा?" डबा गप्प. "नोंद घ्यावी, आरोपी निरुत्तर!"

नोंद मी घ्यायची. कुंपणाच्या अलीकडे मी कपडे वाळत घालत असायचे, आणि लॉकडाऊनमधल्या मेलबर्नच्या पॉइंट कुक उपनगरात त्यांना दुसरा न्यायाधीश मिळणार कुठून? आरोपीचं नाव इव्हान. गुन्हा, हॅकिंग.

नाना नाशिकच्या कोर्टात सरकारी वकील होते. निवृत्तीनंतर मुलाकडे, मंदारकडे, चार महिने राहायला एकटेच आले, कारण काकूंचे गुडघे विमानाचं नाव काढू देत नव्हते. आणि मग विमानंच बंद झाली. काकू तिकडे बहिणीच्या भरवशावर, नाना इकडे. रोज सकाळी चहाच्याही आधी मंदारला एकच प्रश्न, "फ्लाइटचं काय?" मंदार मीटिंगमध्ये. मग सगळा राग इव्हानवर.

त्याचं असं झालं, की टीव्हीवर बातमी आली. अमेरिकेने काही रशियन हॅकर्सविरुद्ध आरोपपत्र दाखल केलं, पण हे महाशय रशियातच. मी सायबर सिक्युरिटीत काम करते, त्यामुळे तक्रार थेट कुंपणावरून माझ्याकडे.

"आरोपी घरी बसून चहा पितोय आणि हे आरोपपत्र वाचतायत? हा काय पोरखेळ आहे? पकडून आणा!"

"नाना, रशिया आपली माणसं सोपवत नाही. तो दुसऱ्या देशात सुट्टीला वगैरे गेला, तरच हाती लागतो."

"म्हणजे घराबाहेर पडला की आत?"

"हो."

नाना विचारात पडले. "त्याला घर सोडता येत नाही आणि मला घरी जाता येत नाही. यात शिक्षा नक्की कुणाला झाली गं?"

यावर कोर्टाने मोजे वाळत घातले.

त्या दिवसापासून नाना सायबरतज्ज्ञ! मराठी मंडळाच्या ग्रुपवर हुकूम सुटायचे, "अनोळखी लिंकला हात लावाल तर याद राखा." टॅक्स ऑफिसच्या नावाने गंडवायला फोन करणाऱ्या एकाची त्यांनी अशी काही उलटतपासणी घेतली की तो "सॉरी मेट" म्हणून पळाला. "साक्षीदार फुटला!" म्हणत नाना दिवसभर खुशीत. वाढदिवसाला सुनेने ई-कार्ड पाठवलं, तेही उघडलं नाही. म्हणे, आधी ओळख पटव. खरं सांगते, या माणसाचा मला वैताग यायचा. आणि ज्या दिवशी तो कुंपणाशी दिसला नाही, त्या दिवशी करमायचंही नाही.

मग एका दुपारी कुंपणाशी मंदार उभा, चेहरा पांढराफटक. घरच्या लॅपटॉपला कुणीतरी कुलूप घातलं होतं. फोटो, फाइली सगळं बंद आणि स्क्रीनवर खंडणीची मागणी. एकमेकांच्या घरात पाऊल टाकायची सोय नव्हती, त्यामुळे पेशंट लॅपटॉप सॅनिटायझरने आंघोळ करून कुंपणावरून माझ्याकडे आला.

सगळ्याची एक कॉपी मंदारने दुसरीकडे ठेवली होती, म्हणून थोडक्यात निभावलं. पण चोर आत शिरला कुठून हे शोधलं आणि मी कपाळाला हात लावला. ईमेलमधली एक लिंक कुणीतरी उघडली होती. ज्येष्ठांसाठी खास विमान, मेलबर्न ते नाशिक थेट, थोड्याच जागा शिल्लक.

मेलबर्न ते नाशिक, थेट! असलं विमान हवं असणारा माणूस त्या घरात एकच होता.

संध्याकाळी लॅपटॉप परत द्यायला कुंपणाशी गेले तेव्हा नाना एकटेच होते. मी तडकलेच. "अहो नाना, असं विमान जन्माला तरी आलंय का? सगळ्या गावाला शहाणपण शिकवता आणि तुम्हीच फसलात?"

"फसलो नाही गं. पहिल्या ओळीलाच कळलं खोटं आहे. असल्या थापा ऐकण्यात जन्म गेला माझा."

"मग?"

"पुढे विचारलं होतं, खिडकीची जागा हवी का. इतक्या महिन्यांत मला असं कुणी विचारलंच नव्हतं. म्हटलं, समजा खरं निघालं तर?"

माझा राग कुठल्या कुठे गेला. नाना हळू आवाजात म्हणाले, "तुझी काकू विसरायला लागलीय. मंदारला बोललो नाही अजून, त्याला तरी कुठे जाता येणार आहे? मी इतका लांब आलोय हे तिच्या ध्यानातच राहत नाही. तिला वाटतं, कोर्टात गेलोय. जेवायची थांबून राहते."

तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. नाशिकला दुपारच्या जेवणाची वेळ झाली होती. काकूंचा आवाज मला कुंपणाअलीकडे स्वच्छ ऐकू आला.

"अहो, पानं घेतलीत. निघालात का?"

नाना कोर्टातल्या आवाजात म्हणाले,

"निघालोच. एकच साक्ष राहिलीय. तू जेवून घे."