हावकायंत्र

दुपारचा चहा झाला की समोरच्या गच्चीवर दिगूकाका येतात, दोन्ही हातांत टॅब धरतात आणि हवेत आठाचा आकडा काढतात. अंगात बनियान, खांद्यावर दुपट्टा, चेहऱ्यावर आरती चालू असल्याचा भाव. पहिल्या दिवशी शेजारच्या आजींनी खालून हात जोडले. दुसऱ्या दिवशी मला गेटपाशी थांबवून विचारलं, "हे कोनत्या देवाचं निघालं वं नवीन?"

देवाचं काही नव्हतं. टॅबवरच्या एका खेळातलं होकायंत्र काकांच्या मते बिघडलं होतं. मोबाइलच्या दुकानात कुणीतरी सांगितलं की होकायंत्र चुकायला लागलं तर ते हातात धरून आठाचा आकडा काढायचा, म्हणजे ताळ्यावर येतं. काका काढत होते तो आठ मराठी होता. मी खालून ओरडले, "काका, इंग्रजी आठ! दोन गोल, एकावर एक!"

"आठ तो आठ," काका वरून म्हणाले. "मराठीत काढला तर त्याचा नऊ होते का?"

आणि पुढचा आठही त्यांनी मराठीच काढला.

पूर्ण नाव दिगंबरराव. दिशा हेच ज्याचं वस्त्र तो दिगंबर, असं मी शाळेत शिकले होते. आमच्या काकांचं हे वस्त्र जरा विरलेलं आहे. जन्मभर त्यांनी एसटीची अमरावती-अकोला गाडी चालवली. बडनेरा, मूर्तिजापूर, बोरगाव मंजू, अकोला, आणि मग तेच उलटं. त्या रस्त्यावर डोळ्यांना पट्टी बांधली असती तरी गाडी बरोबर फलाटाला लागली असती. बाकी जगात मात्र, गावातल्या गावात राजकमल चौकातून गांधी चौकात जायचं तरी ते विचारत विचारत जातात. "रस्ता मले ओळखते, मी रस्त्याले नाय," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

निवृत्त झाले, पण गाडीतून उतरले नाहीत. घराचं दार लावल्याशिवाय ते जेवायला सुरुवात करत नाहीत, कारण दार उघडं ठेवून गाडी हलवायची नसते. माझ्या स्कूटरवर मागे बसले की त्यांचा उजवा पाय हवेत ब्रेक दाबत राहतो. मंदाकाकू भाजी वाढायला लागल्या की हे ताटाकडे बघत म्हणतात, "येऊ द्या, येऊ द्या, येऊ द्या... बस!"

मी अकोल्याची, सासर अमरावतीचं. कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते, त्यामुळे कॉलनीत कुणाचा मिक्सर बंद पडला तरी हाक मलाच. तेव्हा काका टॅब घेऊन माझ्या ओट्यावर येणार हे ठरलेलंच होतं. येण्याआधी घरगुती इलाज करून झाले होते. लोखंडी कपाटामुळे काटा ओढला जात असेल म्हणून कपाट दुसऱ्या खोलीत गेलं. खिशातल्या किल्ल्या गेल्या. मंदाकाकूंना टॅबजवळ विळी घेऊन बसायची बंदी झाली. काकूंनी चिडून टॅबच्या कव्हरला लिंबू-मिरची बांधली, ती अजून होती.

खेळ असा, की ती ठोकळ्यांची दुनिया असते. डोंगर, झाडं, गाई, सगळं चौकोनी. तिथं तुम्हाला कुठंतरी सोडून देतात. लाकूड तोडा, घर बांधा, अंधार पडायच्या आत दिवे लावा, नाहीतर भुतं येऊन खातात. जिंकणं-हरणं काही नाही, नुसतं तगून राहायचं. "म्हंजे संसारच हाय की," काकू म्हणाल्या. तर या दुनियेत काकांना अकोल्याला जायचं होतं.

"अकोल्याला? या खेळात?"

"रहमान हाय ना तिथी."

रहमानभाई म्हणजे काकांच्या गाडीचे कंडक्टर. जन्माची जोडी. ते राहायला अकोल्यात. त्यांच्या सुनेनं, शबानानं, सासऱ्यांच्या टॅबवर हा खेळ टाकला आणि काकांनाही त्याच दुनियेत घेतलं. रहमानभाईंनी तिथं भटकत भटकत लांब कुठंतरी झोपडी बांधली, आणि काकांना ती काही केल्या सापडत नव्हती.

"चालूनच राहिलो बाप्पा," काका म्हणाले. "मूर्तिजापूर येऊनच नाय राहिलं."

मी म्हटलं, दाखवा कसे जाता ते. काकांचा हिशेब सरळ होता. होकायंत्राचा काटा उत्तर दाखवतो. अकोला अमरावतीच्या मावळतीला. म्हणजे काटा कायम उजव्या हाताला ठेवायचा आणि नाकासमोर चालायचं. ते चालायला लागले. भोपळ्याचं शेत आलं. मग एक तळं आलं. मग एक एकटी मेंढी. मग पुन्हा भोपळ्याचं शेत.

"या भागात भोपळा लय पिकते," काका म्हणाले.

मला इतकं हसू आलं की चहा सांडला. त्या खेळातला काटा उत्तर दाखवतच नाही. पहिल्यांदा तुम्हाला जिथं सोडलं, ती जागा तो दाखवतो. ती जागा सतत उजव्या हाताला ठेवून चाललात तर तिच्याभोवती गोल फिराल, घाण्याचा बैल फिरतो तसे. म्हणजे काका इतके दिवस स्वतःच्या जन्मस्थानाला प्रदक्षिणा घालत होते आणि दर फेरीला त्याच मेंढीला रामराम करत होते.

मी हे सांगितल्यावर काकांनी टॅब उलटासुलटा करून पाहिला. "नाव काय म्हनता याचं?"

"होकायंत्र."

"हो-का-यंत्र. आपन याले इचाराव, बाबू, उत्तर इकडं हाय नं? तर हे आपल्यालेच इचारते, हो का? पुन्याकडचं दिसते. आपन 'हो'ले 'हाव' म्हनतो, तं आपल्याकडं याले हावकायंत्र म्हनाले पायजे."

तेव्हापासून ते हावका. आता कॉलनीत 'येतो' म्हणून न येणाऱ्या नळवाल्यालाही हावकाच म्हणतात.

हावक्यावरचा विश्वास उडाला तेव्हा काकांनी स्वतःच आडवाट शोधली. त्या खेळात जमिनीखाली एक तापलेली दुनिया आहे, तिच्यातून गेलं की लांबचं अंतर चटकन कापलं जातं म्हणे. तिथं गेल्यावर काटा भिंगरीसारखा गरगर फिरायला लागला. "प्याला का काय हा?" म्हणून काकांनी टॅबचा वास घेतला. मी त्यांना वर काढलं, समजावलं की तिथं हावका चालतच नाही, आणि एक नकाशा करून दिला. नकाशावर आपण असतो तिथं पांढरी खूण दिसते. काका दोन दिवस खूश होते. तिसऱ्या दिवशी नकाशाचा कागद संपला आणि ते चालतच राहिले. खूण कडेला जाऊन चिकटली, काका भलतीकडेच.

तेव्हा मात्र माझी सटकली. परीक्षेचे पेपर तपासायचे पडले होते. "काका," मी म्हटलं, "स्टँडावर जा. अकोल्याची गाडी उभीच असते. बसा आणि खऱ्या रहमानभाईंना भेटून या. हा खोटा प्रवास हवाय कशाला?"

काका उठले. चप्पल घालायला लागले. मग पुन्हा बसले.

"लकवा झाला त्याले," ते म्हणाले. "उजवा हात गेला, वाचा गेली. मी गेलतो भेटाले. मले पाहून त्यानं तोंड भिंतीकडं केलं. अन् डाव्या हातानं असं केलं, जा म्हनून." त्यांनी तो हात करून दाखवला. "म्याडम, त्या मानसाचं तोंड बडनेऱ्याले सुरू होये ते अकोल्यालेच बंद होये. भाडं, पाऊस, कोनाच्या पोरीचं लगन, सारं. त्याले लाज वाटली. मी म्हटलं ठीक हाय. तू बोलावशीन तवा येतो."

डॉक्टरांनी बोटांना व्यायाम सांगितला म्हणून शबानानं तो खेळ टाकला होता. तिनं काकांना फोनवर सांगितलं होतं, "चाचा, अब्बा दिवसभर उसमेच रहते. उधर कोई बात करने को नहीं बोलता ना."

"म्हनून मी तिथं जाऊन राहिलो," काका म्हणाले. "तिथं बोला लागत नाय."

मला फार वाईट वाटलं. पेपरांचा गठ्ठा मी आत नेऊन ठेवला आणि शबानाचा नंबर मागितला.

उपाय खरं तर सोपा होता, आणि मी तो पहिल्याच दिवशी सांगायला हवा होता. पण काकांना त्या मेंढीभोवती फिरताना बघायला मला मजा येत होती, हे कबूल. सेटिंगमध्ये एक बटण असतं. ते सुरू केलं की आपण त्या दुनियेत नेमके कुठं आहोत ते आकड्यांत दिसतं. शबानानं रहमानभाईंच्या झोपडीचे आकडे कळवले. आता काकांनी एवढंच बघायचं, की आपले आकडे त्या आकड्यांकडे सरकताहेत की नाही.

"हा काय चेसिस नंबर हाय का?" काकांनी विचारलं. मग दहा पावलं चालले, आकडा कमी झाला, आणि त्यांचा चेहरा उजळला. "अरे! हे तं मैलाचे दगड हाय!"

मग कुणी त्यांना थांबवू शकलं नाही. मात्र नुसतं जाणं त्यांना पटेना. ज्या रस्त्यावर थांबे नाहीत तो रस्ताच नव्हे. ठराविक अंतरावर ते एक खांब रोवत, दिवा लावत आणि पाटी ठोकत. बडनेरा. मूर्तिजापूर. एका उजाड माळावर, जिथं कोंबडीसुद्धा नव्हती, तिथं त्यांनी 'विनंती थांबा' अशी पाटी लावली.

"इथं कोण विनंती करणार, काका?"

"कोनी केली तर?" काका म्हणाले.

बोरगाव मंजूची पाटी लागली त्या दुपारी आम्ही सगळे ओट्यावर होतो. मी, मंदाकाकू, आणि 'देवाचं निघालं' म्हणणाऱ्या आजीसुद्धा. एक टेकडी चढून काका वर आले आणि खाली सूर्यफुलांच्या मधोमध झोपडी दिसली. दारात एक ठोकळ्याचा माणूस उभा. बाजूला खांबाला पितळी घंटा. त्या दुनियेतल्याच कुठल्याशा गावातून काढून आणली असावी.

काका त्याच्यासमोर जाऊन उभे राहिले. तोही उभा. दोन चौकोनी माणसं एकमेकांकडे बघत होती. काकांना काय करावं कळेना. ते टॅबला म्हणाले, "रहमान, गाडी लागली बरं का." त्या खेळात इकडचं बोललेलं तिकडे ऐकू जात नव्हतं. तिथला सूर्य कलायला लागला. काका हळूच म्हणाले, "थकला असन तो. जातो मी." आणि त्यांनी पाठ फिरवली.

टण्.

एकदाच वाजली. काकांचा अंगठा जागच्या जागी थांबला.

मी वाट पाहिली. पुन्हा काही वाजलं नाही. "चुकून हात लागला असेल," मी म्हटलं.

"रहमाननं जिंदगीत चुकून बेल नाय मारली," काका म्हणाले. "दोन बेल म्हंजे जाऊ द्या. एक म्हंजे थांबा."

ते वळले. रहमानभाई झोपडीच्या दारातून बाजूला झाले होते, आत यायला जागा करून. काका आत गेले आणि अंधार पडायच्या आत दोघांनी मिळून दिवे लावले. मंदाकाकू पदरानं डोळे पुसत होत्या. आजींना फारसं काही कळलं नव्हतं, पण त्याही पुसत होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी काका इस्त्रीच्या शर्टात माझ्या गेटपाशी हजर. हातात मोर्शीच्या संत्र्यांची पिशवी. "स्टँडावर सोडता का? अकोल्याले जाऊन राहिलो. बोलावलं त्यानं."

स्टँडावर गाडी लागलेलीच होती. काका पायरीपाशी अडले आणि माझ्याकडे वळले.

"बाई, एक सांगा. गाडीत सारं तोच बोले. मी नुसता समोर पाहो. आता तिथी बसल्यावर मी बोलू काय?"

"रस्त्यात काय काय दिसलं ते सांगा," मी कसंबसं म्हटलं.

"हाव," काका म्हणाले आणि वर चढले.

गाडी हलली. काका खिडकीशी एकटेच बसले होते, पिशवी मांडीवर, नजर बाहेर. आणि त्यांचे ओठ हलत होते. बडनेरा यायच्या आधीच त्यांनी बोलायचा सराव सुरू केला होता.