वरच्या मजल्याची मोहीम

इमारत जमीनदोस्त जाहल्याचे अकरावे साली, रविवारी सकाळी सातांस, राजश्री चित्रकारसाहेब यांणी गाड्या लावावयाच्या आवारावर चाल केली, त्याचे वर्तमान जैसे घडले तैसे लिहिले असे. चित्रकारसाहेब म्हणजे खासा लेखकच. त्यांची कीर्ती लिहावयास दुसरा कोणी राजी होईना, सबब ही तसदी स्वहस्ते घेतली.

मसलत ऐसी की, जेथे दुमजली इमारत उभी होती तेथे तिचा नकाशा चुन्याने खऱ्या मापात आखावा, आणि जुने रहिवासी आपापल्या खोलीत उभे करावे, आणि शेजारच्या गच्चीवरून सामूहिक स्मृतीचे छायाचित्र घ्यावे. रखवालदाराने दहापर्यंत मुदत दिली. मग गाड्या येणार. साहेबांनी गुडघे सोलवटून भिंती आखिल्या, मोऱ्या आखिल्या, आणि मग फौज दाखल जाहली, आणि कोणी चपला काढून, कोणी उंबरठ्याशी वाकून, आपले घरी रुजू जाहला. साहेब चुकून एका भिंतीतून चालत गेले, तेव्हा आतल्या आजींनी त्यांस बाहेर काढून दाराने यावयास लाविले.

इतक्यात वरच्या मजल्यावरच्या काकू आल्या, आणि आपले घर कोठे ऐसा सवाल केला. तेव्हा साहेबांचे ध्यानी आले की, सहा महिने अभ्यास करून आणि दोन भाषणे ठोकून आपण फक्त तळमजलाच आखिला. काकूंचे घर हवेत होते, टेलरमास्तरांच्या स्वयंपाकघराचे ऐन माथ्यावर. आणि वरून खुर्च्या सरकविल्याबद्दल मास्तरांचे त्यांशी पस्तीस वर्षांचे वैर.

"म्हणजे तुझ्या मते मी इथे कधी राहिलेच नाही," ऐसे म्हणून काकूंनी पिशवी उचलिली.

साहेबांनी तहाची तजवीज केली की, काकूंनी मास्तरांचे स्वयंपाकघरातच उभे राहावे. त्यावर मास्तरांचा जबाब आला, "जन्मभर डोक्यावर नाचलात, काकू. आता ओट्यावरपण?"

पावणेदहा वाजले. मग साहेबांनी आपली सर्व कला पणास लावून रखवालदाराचे स्टूल मागून आणिले, आणि काकू त्यावर चढल्या, आणि स्टूल डुगडुगू लागले, आणि मास्तर तोंड फिरवून, परंतु दोन्ही हातांनी, ते धरून राहिले. साहेब धापा टाकीत गच्चीवर गेले आणि छायाचित्र घेतले. गच्चीवरून पाहता वरचा मजला आणि खालचा मजला एकच दिसतो, हे ज्ञान त्यांस तेव्हा प्राप्त जाहले.

दहास फाटक उघडले, आणि पहिली गाडी भोंगा वाजवीत, तीन घरांच्या भिंती तुडवीत थेट ओट्यापाशी आली. काकू लगबगीने उतरू लागल्या. मास्तरांनी त्यांस जागच्या जागी थांबविले, आणि एका हाताने स्टूल धरून दुसरा हात गाडीपुढे आडवा केला.

"दाराने ये. आणि तो भोंगा बंद कर. वर माणसं राहतात."

गाडीवाल्याने काकूंकडे वर पाहिले, आणि गाडी मागे घेऊन दाराने आणिली.

येणेप्रमाणे वरचा मजला, उंची दीड हात, काकूंचे नावे कायम जाहला. साहेब तेसमयी गच्चीवर लेन्सचे झाकण शोधीत होते. तरी फत्ते त्यांचीच लिहावी, ऐसा लेखकाने लेखकास हुकूम केला, तो बजाविला असे.