हेस्टरच्या पाईवर आयव्हीची खूण

हेस्टर टायसन हातात काटा घेऊन स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी दहा मिनिटं उभी होती. समोर पांढऱ्या एनॅमलच्या पसरट भांड्यात पाई तयार होती. खाली मेंढीच्या मांसाचा खिमा, कांदा, गाजर आणि दाट रस्सा. वर लोण्यात कुस्करलेल्या बटाट्यांचा जाड थर. आता फक्त त्या थरावर काट्याने खूण करायची आणि भांडं ओव्हनमध्ये सरकवायचं, एवढंच राहिलं होतं. पण तिचा काटा हवेतच अडकला होता.

थॉर्नडेलच्या खोऱ्यात मेंढ्या कुंपणाशिवाय डोंगरावर चरतात. कोणाची मेंढी कोणती हे कळावं म्हणून प्रत्येक घराची लोकरीवर रंगाची एक खूण असते आणि कानावर एक काप असतो. टायसनांची खूण म्हणजे डाव्या खांद्यावर लाल पट्टा. पुरुषांच्या मेंढ्यांचं जसं, तसंच बायकांच्या पाईचं. बटाट्यावर काटा ओढला की उंचवटे ओव्हनमध्ये खरपूस होतात, म्हणून सगळ्याच बायका काटा ओढतात; पण प्रत्येकीची नक्षी वेगळी आणि ती कोणी दुसरी उचलत नाही. हेस्टरच्या सरळ रेषा, सासूबाईंकडून आलेल्या, नांगरलेल्या शेतासारख्या. तिची धाकटी जाऊ आयव्ही हिची माशाची खवलं.

आणि हीच खवलं गेली सहा वर्षं हेस्टरच्या डोळ्यांत सलत होती.

दर नोव्हेंबरात खोऱ्यातले मेंढपाळ एकत्र जमत. वर्षभरात आपल्या कळपात चुकून शिरलेली दुसऱ्याची मेंढी ज्याची त्याला परत द्यायची, आणि मग पबच्या मोठ्या खोलीत सगळ्यांनी जेवायचं. बायका घरून पाई करून आणत. दरवर्षी आयव्हीचं भांडं सर्वांत आधी पुसून साफ होई. हेस्टरचं अर्धं घरी परत येई, आणि दुसऱ्या दिवशी तिचा नवरा विल्फ ते मुकाट्याने खाई. मुकाट्याने खाई, याचाही तिला राग येई.

यंदा तर गोष्ट आणखी पुढे गेली होती. सासऱ्यांनी, म्हणजे जोनासबाबांनी, जाहीर केलं होतं की सासूबाईंचं तपकिरी मातीचं भांडं मेळाव्याच्या जेवणात एका सुनेला देऊन टाकायचं. जिच्या पाईला अ‍ॅग्नेसच्या हाताची चव असेल, तिला. अ‍ॅग्नेसबाईंना जाऊन तीन वर्षं झाली होती. तेव्हापासून ते भांडं फळीवर उपडं पडून होतं आणि हेस्टर दर शनिवारी त्यावरची धूळ पुसत होती. ती सासऱ्यांच्याच घरात राहत होती. सासूबाईंच्या शेजारी उभी राहून तिने नऊ वर्षं त्या भांड्यात बटाटे थापले होते. बटाट्यात चिमूटभर जायफळ किसायचं, हे सासूबाईंनी तिला एकटीला सांगितलं होतं. ते भांडं ओढ्यापलीकडे आयव्हीच्या घरी जाणार, ही कल्पनाच तिला सहन होत नव्हती.

“लोक चवीकडे बघतच नाहीत,” ती स्वतःशी म्हणाली. “खवलं दिसली की वाढून घेतात.”

मग तिने ठरवून टाकलं. काट्याच्या टोकाने एक खवल काढलं, त्याच्या शेजारी दुसरं, मग पुढची ओळ. तिचा बेत साधा होता. टेबलावर खवलांच्या दोन पाई असतील. दोन्ही संपतील. मग आपण हसत हसत म्हणायचं, “अगंबाई, यातली एक माझी होती, आज सहजच हात तसा वळला.” सगळे हसतील, बाबा समजायचं ते समजतील, आणि भांडं फळीवरून हलणार नाही.

शेवटची ओळ काढत असतानाच विल्फ आत आला.

“आयव्हीची पाई आपल्याकडे कशी?”

“बूट बाहेर काढ आधी.”

विल्फने बूट काढले आणि मोज्यांवर पुन्हा टेबलापाशी आला. “हेस्टर, ही तू केलीस?”

“हो.”

“आयव्हीची खूण घालून?”

“मग?”

विल्फ खुर्चीवर बसला. “आजोबांच्या वेळी एकाने दुसऱ्याच्या मेंढीवर आपला रंग लावला होता. खोरं सोडून जावं लागलं त्याला. त्याच्या घराण्याचं नावसुद्धा कोणी काढत नाही.”

“ही मेंढी आहे का? बटाटे आहेत.”

“रंग बदलता येतो गं, कान बदलता येत नाही. कोणीतरी कान बघतोच.”

“पाईला कान नसतात,” असं म्हणून हेस्टरने भांडं ओव्हनमध्ये ठेवलं आणि दार जरा जोरातच लावलं.

संध्याकाळी पबच्या खोलीत लांब टेबलावर आठ-दहा पाई फडक्यांखाली वाफाळत होत्या. हेस्टरने आपलं भांडं मधोमध ठेवलं आणि चहाचं आधण बघायला आत गेली. बाहेर आली तेव्हा फडकी निघाली होती. तिने टेबलावरून नजर फिरवली. खवलांची पाई एकच होती. तिची स्वतःची.

तिच्या शेजारी, अगदी तशाच पांढऱ्या भांड्यात, सरळ रेषांची एक पाई होती.

हेस्टरने पुन्हा मोजलं. भांडी सारखी असण्यात नवल नव्हतं. एकाच फेरीवाल्याकडून दोघी जावांनी एकाच दिवशी ती घेतली होती. पण रेषा? तिने आयव्हीकडे पाहिलं. आयव्ही खिडकीतून बाहेर बघत होती, जणू बाहेरच्या अंधारात फार पाहण्यासारखं काही चाललं होतं.

तेवढ्यात म्हाताऱ्या अमोस बर्केटने रेषांच्या पाईतला मोठा डाव वाढून घेतला. अमोस सत्तर वर्षं मेंढ्यांत राहिला होता आणि मेंढीचं मांसच खात आला होता. त्याने एक घास घेतला. चावला. थांबला. पुन्हा चावला.

“जोनास,” तो हळू आवाजात म्हणाला, “ही मेंढी नाही.”

“म्हणजे?”

“ही गाय आहे.”

खोलीतले चमचे थांबले. मेंढपाळांच्या मेळाव्यात, मेंढपाळांच्या पाईत, गाय. दुसऱ्या एकाने चाखून पाहिलं, मग तिसऱ्याने. ती होतीच गाय.

“खूण कोणाची आहे?” मागून कोणीतरी विचारलं.

“सरळ रेषा. हेस्टरची.”

“काय गं हेस्टर,” अमोस दुखावलेल्या सुरात म्हणाला, “चारशे मेंढ्यांचं घर तुमचं. विल्फने काय सगळ्या विकल्या?”

“एखादी आजारी असली तर सांगायचं,” दुसरा म्हणाला. “आम्ही दिली असती एक तंगडी.”

हेस्टरने दोन्ही भांड्यांकडे पाहिलं. ही माझी नाही म्हणावं, तर विचारणार, मग तुझी कोणती? ती खवलांची म्हणावं, तर म्हणणार, गाय पकडली गेली तेव्हा बाई जावेच्या पाईवर हक्क सांगते आहे. शिवाय ती खूण आपण का घातली हे सांगावं लागणार. विल्फ आपल्या ताटात इतका खाली बघत होता की त्याच्या नाकाला रस्सा लागला असता.

“खाटकाच्या गाडीवर…” ती म्हणू लागली.

“गाडीवरून,” अमोसने शेजाऱ्याला सांगितलं, आणि बातमी टेबलाच्या टोकापर्यंत पोचली.

इकडे खवलांच्या पाईवर झुंबड उडाली होती. पहिल्यांदा सवयीने वाढून घेतलं, हे हेस्टरने बरोबरच ओळखलं होतं. पण लोक दुसऱ्यांदा येत होते. तिसऱ्यांदाही.

“आयव्ही, यंदा हात काही वेगळाच लागलाय तुझा.”

“दरवर्षी चांगली असते, पण ही! बटाट्यात काय घातलंस?”

“काही विशेष नाही,” आयव्ही खालच्या मानेने म्हणाली.

ते मात्र खोटं नव्हतं, तिने खरंच काही घातलं नव्हतं. हेस्टर भिंतीला टेकून उभी राहिली. आयव्हीचं कौतुक ऐकून आजवर तिच्या पोटात कितीदा तरी दुखलं होतं, पण हे दुखणं नवीन होतं. कोणीतरी भांड्याच्या कोपऱ्यातला खरपूस तुकडा सुरीने खरवडून खाल्ला, बोटं चाटली आणि आयव्हीला दाद दिली. आपल्याच पाईचा इतका हेवा वाटेल, असं हेस्टरला स्वप्नातही वाटलं नव्हतं.

शेवटी जोनासबाबा उठले. खोऱ्यात कोणाच्या मेंढीवरून वाद झाला तर चाळीस वर्षं त्यांनाच बोलावत. ते मेंढीला हात लावून, कान उलटून, खूप वेळ घेऊन निकाल देत. आताही त्यांनी तसंच केलं. आधी रेषांच्या पाईचा घास घेतला आणि गिळला. मग खवलांच्या पाईचा उरलेला शेवटचा चमचा घेतला. डोळे मिटले. बराच वेळ त्यांचा जबडा हलत राहिला.

“जायफळ,” ते म्हणाले.

हेस्टरचे कान लाल झाले.

बाबांनी डोळे उघडले, पण कोणाकडे पाहिलं नाही. “अ‍ॅग्नेसच्या हाताची चव या पाईला आहे. आणि पाईवर खूण आयव्हीची आहे. मेळाव्यात खुणेप्रमाणे द्यायचं असतं. घे पोरी.” त्यांनी घरून आणलेलं तपकिरी भांडं आयव्हीच्या हातात ठेवलं. टाळ्या पडल्या. भांडं हातात आलं तशी आयव्ही पांढरी पडली.

“आणि एक सगळ्यांनाच सांगतो,” बाबा खाली बसत म्हणाले. “दुसऱ्याचं जनावर चुकून आपल्या कळपात आलं, तर त्यात कोणाचा गुन्हा नसतो. पुढच्या मेळाव्यापर्यंत परत केलं म्हणजे झालं.”

सगळ्यांनी माना हलवल्या. हे तर दरवर्षीच सांगायचं असतं.

आयव्हीने पुढच्या मेळाव्याची वाट पाहिली नाही. सोमवारी दुपारी, बाबा आणि विल्फ डोंगरावर गेलेले असताना, ती हेस्टरच्या दारात उभी राहिली. हातात फडक्यात गुंडाळलेलं तपकिरी भांडं होतं.

“हे माझ्या कळपात आलं होतं,” ती म्हणाली.

“आत ये,” हेस्टर म्हणाली. “बूट राहू देत.”

भांडं टेबलावर ठेवून आयव्ही खुर्चीच्या काठावर बसली. हेस्टरने कप मांडले आणि किटली उचलली.

“कुत्र्याने तंगडी पळवली,” आयव्ही एकदम म्हणाली. “थंड व्हायला ठेवली होती, मी वळले तेवढ्यात. गाडीवर फक्त गाईचा खिमा उरला होता. आपल्या खवलांखाली गाय घालून मेळाव्यात कशी नेऊ? धीरच होईना.”

“म्हणून माझ्या रेषांखाली घातलीस.”

“मला वाटलं रेषांच्या दोन पाई असतील, कोणाची कोणती कळायचं नाही.” आयव्हीने कपातला चमचा उगाच फिरवला. “आणि तुझी तशीही अर्धी परत जाते. म्हटलं, फारसं कोणी खाणार नाही.”

हेस्टरने किटली खाली ठेवली. बोलायला तिच्याजवळ पुष्कळ होतं. पण आयव्हीने अजून तिला एक गोष्ट विचारली नव्हती, आणि ती विचारू नये असं तिला मनापासून वाटत होतं.

“माझी खवलं तुझ्या पाईवर कशी आली?” आयव्हीने विचारलं.

“साखर किती घालू?” हेस्टर म्हणाली.

आयव्हीने तिच्याकडे पाहिलं, आणि मग तिच्या ओठांचा कोपरा हलला. “दोन.”

चहा पिऊन ती निघाली. दारात थांबून म्हणाली, “भांडं रिकामं परत करू नये म्हणून पाई केली आहे आत. मेंढीचीच आहे. तुझी खूण घातली आहे. भांडं तुझं आहे ना.”

ती ओढ्यापर्यंत पोचेपर्यंत हेस्टर थांबली आणि मग तिने फडकं काढलं. तपकिरी भांड्यात एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत रेषा होत्या. एकही वाकडी नव्हती. दोन रेषांमधलं अंतर मोजून घ्यावं इतकं सारखं होतं. हेस्टर बारा वर्षं रेषा ओढत होती आणि तिच्या रेषा उजवीकडे नेहमी थोड्या घसरत. सहा वर्षं खवलं सलत होती. आता रेषाही सलायला लागल्या.

संध्याकाळी बाबा जेवायला बसले. भांडं आपल्या घरी परत आलेलं त्यांनी पाहिलं, पण त्याबद्दल काही विचारलं नाही. ओव्हनमधून निघालेल्या पाईकडे मात्र ते मान तिरकी करून बघत राहिले.

“रेषा आज अगदी सरळ आल्यात, हेस्टर,” ते म्हणाले. “इतक्या सरळ तर अ‍ॅग्नेसलाही कधी जमल्या नाहीत.”

विल्फने मान वर केली. हेस्टरने डाव उचलला, सासऱ्यांच्या ताटात कोपऱ्यातला खरपूस तुकडा वाढला आणि क्षणभर विचार केला. पुढच्या मेळाव्याला अजून जवळजवळ वर्ष होतं.

“हो बाबा,” ती म्हणाली. “आज जरा सावकाश ओढल्या.”