रायाजीराव घोगरे यांची बर्फावरील स्वारी आणि शेवटचा मान

श्री. उतारास नमन, निसरड्यास नमन, पडलियास हात देणारास अधिक नमन. सरकारस्वामींचे सेवेसी आज्ञाधारक बखरनवीस, नाव सांगावयास तोंड उरले नाही म्हणोन न सांगता, वर्तमान निवेदन करितो ऐसीजे. शके एकोणीसशे चाळीस, विलंबी नाम संवत्सरे, कार्तिकमासी आमचे दौलतीची फौज पश्चिमेकडील पर्वतांचे मुलुखी बर्फावरील शर्यतींस निघाली. फौज म्हणजे सरदार रायाजीराव घोगरे एक आणि आम्ही एक. आमचे मुलुखी बर्फ पडत नाही. सरबतांत घालितात तितकेच आम्हांस ठाऊक, आणि तेही दातांस सोसत नाही. तरी दप्तरी अक्षर बरे म्हणोन या साली नव्याने आम्हांसच फौजेचे कारभारी नेमिले. रायाजीरावांचे वडील उत्तरेकडील हिमाचे ठाण्यावर नोकरीस होते, तेथे हे लहानपणी पायांस लांब पट्ट्या बांधोन, ज्यांस स्की म्हणतात, डोंगरावरोन घसरावयास शिकले. श्रीमंतांचे कानी हे गेले आणि मर्जी होवोन दौलतीत हत्तीखाना, तोफखाना तैसा बर्फखाना नवा उघडिला. परंतु सालोसाल रायाजीराव पडत गेले, मग श्रीमंतांनी निरोपाचे विडे देताना सांगितले, "या हंगामांत एक तरी शर्यत पुरती करोन निकालांत नाव आणा. न आल्यास बर्फखाना मोडू आणि तुम्हांस हत्तीखान्याकडे लावू." रायाजीरावांनी मुजरा केला. बाहेर येवोन आम्हांस म्हणाले, "हत्तींचं काही नाही हो. पण उतारावर सुटलो की जे वाटतं ना, ते मला जमिनीवर कधी वाटलं नाही." आम्ही मान डोलाविली. समजले काही नाही.

मग पहिले शर्यतीस गेलो. तेथे चाल ऐसी की उतारावर जोडजोड काठ्या रोवितात, त्यांस दारे म्हणतात, आणि प्रत्येक दारांतून वळणे घेत खाली यावे, एक दार चुकले की शर्यत संपली. एकेक सरदार पाळीने सोडितात. आमचे रायाजीरावांची पाळी सर्वांचे शेवटी. हे पाहोन आमचे डोळे भरोन आले. कारण आमचे दौलतीत मिरवणूक निघते तेव्हा पुढे मशालजी आणि नगारे, मागे घोडे, त्यामागे हत्ती, आणि सर्वांचे शेवटी श्रीमंतांची पालखी; जो शेवटी तो थोर, हे आम्ही पाळण्यापासोन जाणतो. तेव्हा आम्ही तत्काळ खलिता धाडिला की परमुलुखी शेवटचा मान आपले दौलतीस मिळाला, आणि दरबारी साखर वाटिली गेली. रायाजीराव चौथे दारी पडले. दुसरे गावी पुन्हा शेवटचा मान, पुन्हा साखर, रायाजीराव सहावे दारी पडले. ऐसे पौष गेला, माघ गेला, गावोगाव मान वाढतच गेला आणि रायाजीरावांची पाठ काळीनिळी होत गेली. एकदा शेक देताना ते म्हणाले, "तो मान नव्हे हो." आम्ही म्हणालो, "थोरांनी ऐसेच विनयाने बोलावे." आणि तेही खलित्यांत लिहिले.

पुढे फाल्गुनी हंगामाची अखेरची शर्यत आली, आणि मान पाहावयास श्रीमंत स्वतः आले. अंगावर तीन शाली, खाली घडीची खुर्ची, चेहरा गारठोन जांभळा. या शर्यतीच्या फेऱ्या दोन. पहिले फेरीत धुके ऐसे दाटले की नावाजलेले सरदार दारे चुकोन रानांत गेले, आणि रायाजीरावांची पाळी येता धुके उठले, ऊन पडले, आणि रायाजीराव धडपडत का होईना, उभेच्या उभे खाली आले. तिसावे ठरले. पहिले तीस तेवढेच दुसरे फेरीस जातात, म्हणोन आम्ही नाचलो. मग पंचांनी सांगितले की दुसरे फेरीत क्रम उलटा, तिसावा सर्वांआधी सुटेल आणि पहिला सर्वांचे शेवटी. आमचे नाचणे जागीच राहिले. आम्ही श्रीमंतांस अर्ज केला, "सरकार, घात जाहला. आपले सरदारास मशालजी केले. थोरास शेवटी ठेविले, पाहावे, येथेही चाल आपलीच आहे." श्रीमंतांनी आमचे हातचा वायरलेस, म्हणजे दुरोन बोलावयाची डबी, घेतला, आणि वरती, जेथे रायाजीराव सुटावयास उभे होते, तेथे बोलिले, "रायाजी, माघारी फिरा. आमचा माणूस मशाल धरोन पुढे जाणार नाही."

डबींतून रायाजीराव बोलिले, "सरकार, रागावू नका. आपण पालखीत असता, म्हणून शेवटची वाट कशी असते ते आपल्याला ठाऊक नाही. माझ्याआधी सगळे जाऊन गेलेले असतात. प्रत्येक वळणावर खड्डे पडलेले असतात, मी त्या खड्ड्यांत पडतो. आज पहिल्यांदा समोर कोरं बर्फ आहे. एकदा जाऊ द्या. मग हत्तीखान्यात घाला, मी हूं की चूं करणार नाही." श्रीमंतांनी आमचेकडे पाहिले. "बखरनवीस, साखर कशाची वाटिली मग?" आम्ही शालीचे गोंडे पाहत राहिलो. श्रीमंत डबींत म्हणाले, "जा बाबा."

आणि रायाजीराव सुटले. ऐसे उतरले की पाहतां आमचे तोंड उघडे राहिले आणि त्यांत बर्फ गेले. कोठे घाई नाही, कोठे धडपड नाही, दारामागोन दार घेत, जणू घरांतले घरांत हिंडावे तैसे खाली आले, आणि शेवटची रेघ ओलांडोन उभे राहिले. तेथे चाल ऐसी की ज्याची वेळ त्या क्षणी सर्वांत कमी, त्याने लाल खुर्चीवर बसावे. दुसरा कोणी उतरलाच नव्हता, तेव्हा त्या घडीस सकळ पृथ्वीत अव्वल आमचे रायाजीराव. ते खुर्चीवर बसले, आणि पट्ट्या मांडीवर आडव्या घेवोन रडू लागले. कपांत ओतिला चहा निवला नाही तोच दुसरा सरदार उतरला, त्याची वेळ कमी, आणि रायाजीराव उठले, त्याचा हात हाती घेतला, खुर्ची दिली. श्रीमंत म्हणाले, "उठविले का त्यांस?" आम्ही चाल सांगितली. श्रीमंत म्हणाले, "आम्हांस गादी जन्मतःच मिळाली. पडून पडून मिळविलेली आज पाहिली." आणि आपले अंगावरील एक शाल काढोन रायाजीरावांचे खांद्यावर घातली. अखेरचे निकालांत नाव बरेच खाली लागले, पण लागले.

मग चैत्री स्वारी राजधानीस परतली आणि मोठी मिरवणूक जाहली. श्रीमंतांनी नवी चाल घातली. सर्वांआधी, झाडिले सारविले वाटेने, एकटे रायाजीराव, खांद्यावर पट्ट्या, अंगावर शाल. त्यामागे श्रीमंतांची पालखी. मग नगारे, मग घोडे, मग हत्तीखाना सारा. आणि सर्वांचे शेवटी, हत्तींचे मागे, पायी, शेवटचे मानाचे मानकरी म्हणोन आम्ही. वाटेत काय काय होते ते बखरीत लिहावयाचे नाही. चौथे वळणी आम्ही पडलो.

तात्पर्य, बर्फखाना राहिला, रायाजीराव राहिले, साखर बंद जाहली. आमचे धोतर अद्याप धोब्याकडे आहे. लिहिले ते देखिले, आणि अखेरीस पायांखाली आले तेव्हा समजले. लेखनसीमा.